नाव कळण्याआधीची दहा मिनिटं

मा. संपादक,

स. न. वि. वि.

झाडं, पक्षी, किडे ओळखून देणारी मोबाइल ॲप्स प्राथमिक शाळेत वापरावीत का, यावर आपल्या वाचकांच्या सदरात सध्या चर्चा चालू आहे. एका पालकांनी प्रत्येक मुलाच्या हातात टॅब द्यावा असं सुचवलं आहे. दुसऱ्या एका वाचकांनी सात-आठ वर्षांच्या मुलांपासून फोन चार हात लांबच ठेवावा असं ठासून लिहिलं आहे. मी पहिली-दुसरीला शिकवते. ही ॲप्स वर्गात वापरते आणि मला ती आवडतात. दोन्ही पत्रं वाचताना एक गोष्ट राहून राहून खटकली. फोन द्यायचा की नाही यावर दोघांनीही भरभरून लिहिलं, पण तो नेमका कधी उघडायचा यावर कुणाचीच ओळ नाही. माझ्या मते सगळं त्यावर अवलंबून आहे. मुलांनी स्वतः डोळे भरून पाहिलं, आपसात वाद घातला, कागदावर काढलं, की त्यानंतर ॲप उघडावं. त्याच्या आधी नाही.

एक उदाहरण सविस्तर सांगते. शाळेच्या कुंपणाशी पिवळ्या फुलांचं झुडूप आहे. तिथे काळे-पिवळे पट्टे असलेला एक किडा हवेत जागच्या जागी थांबलेला दिसतो, एकदम बाजूला सरकतो, पुन्हा थांबतो. मुलं ओरडतात, ‘मधमाशी! चावेल!’ आणि दोन पावलं मागे येतात. फोन तेव्हा माझ्या पिशवीत असतो. मी विचारते, ‘मधमाशी कशावरून?’ उत्तर ठरलेलं, ‘पट्टे आहेत ना, बाई!’ मग मी आमची डबी काढते. खिडकीच्या चौकटीत मरून पडलेली एक मधमाशी आम्ही त्या डबीत कापसावर ठेवली आहे. भिंग हातोहात फिरतं. एकदा डबीत बघायचं, एकदा झुडपाकडे.

पंख मोजा म्हटलं तर मुलांना ते जमत नाही, आणि त्यात त्यांचा दोष नाही. मधमाशीला चार पंख असतात खरे, पण पुढचा आणि मागचा पंख बारीक आकड्यांनी एकमेकांत अडकलेले असतात, त्यामुळे पाहणाऱ्याला दोनच वाटतात. म्हणून मी मुलांना चेहऱ्याकडे बघायला लावते. झुडपावरच्या किड्याचे डोळे एवढे मोठे की एक मुलगा म्हणाला, ‘याला डोकंच नाहीये, नुसते डोळे आहेत.’ मग कुणाच्या तरी लक्षात येतं की डबीतल्या मधमाशीची शिंगं (म्हणजे डोक्यावरच्या स्पर्शिका) लांब आहेत आणि मध्ये कोपरासारखी वाकली आहेत. झुडपावरच्या किड्याची मात्र जेमतेम दिसतील एवढी आखूड. एक मुलगी म्हणते की मधमाशी अशी हवेत थांबत नाही, ती सारखी इकडून तिकडे जाते. एवढं झाल्यावर सगळे जमिनीवर बसून चित्र काढतात. चित्र सुबक येण्याशी मला कर्तव्य नसतं. चित्र काढताना मूल चार वेळा मान वर करून पुन्हा बघतं, त्यासाठी कागद.

आता फोन बाहेर येतो. तो मी धरते आणि तो कुठे रोखायचा ते एक मूल सांगतं. मी ‘सीक’ हे ॲप वापरते. त्यात कॅमेरा वस्तूवर रोखला की ते उत्तर पायरीपायरीने देतं: सृष्टी, संघ, वर्ग, गण, कुल, प्रजाती, जाती. आधी ‘प्राणी’, मग ‘कीटक’, आणि मग ‘माश्या’. या तिसऱ्या शब्दावर वर्गात जो गलका होतो तो मला फार मोलाचा वाटतो. ‘माशी? पण पट्टे आहेत!’ ‘मी म्हटलं होतं, शिंगं आखूड आहेत!’ हा प्राणी म्हणजे हॉवरफ्लाय. मधमाशीसारखी दिसणारी, पण नांगी नसलेली माशी. पट्ट्यांना घाबरून तिला खाणारे लांब राहतात. ही गोष्ट मी नंतर सांगते तेव्हा ती मुलांना आपल्याच शोधाचा पुढचा भाग वाटते, कारण पुरावे त्यांनी आधीच गोळा केलेले असतात. दुसऱ्या दिवशी तीच मुलं इतर वर्गांतल्या मुलांना झुडपाजवळ नेऊन सांगत असतात, ‘घाबरू नका, डोळे बघा तिचे.’

हाच क्रम उलटा केला तर काय होतं, तेही मी पाहिलं आहे. एका प्रशिक्षणात नमुना-पाठ दाखवला गेला. मार्गदर्शकांनी फुलावरच्या किड्यावर टॅब रोखला, नाव मोठ्या पडद्यावर आलं, मुलांनी ते वहीत उतरवलं आणि टाळ्या झाल्या. किडा अजून फुलावरच होता आणि त्याच्याकडे एकही मूल बघत नव्हतं. मोठ्या माणसांचंही असंच होतं. नाव मिळालं की काम झालं असं वाटून आपण पुढे चालू लागतो. सहा वर्षांच्या मुलाला तर ते नाव बहुतेक वेळा वाचताही येत नाही. त्याच्या हाती लागतो तो फक्त पडदा उजळल्याचा आनंद.

याच्याशी जवळचा एक प्रयोग आठवतो. लिंडा हेंकेल या अमेरिकी मानसशास्त्रज्ञ बाईंनी महाविद्यालयीन विद्यार्थ्यांना एका कलासंग्रहालयात फिरवलं. काही वस्तू नुसत्या पाहायच्या, काहींचे फोटो काढायचे. 2014 साली प्रसिद्ध झालेल्या या अभ्यासात असं आढळलं की ज्या वस्तूंचे फोटो काढले त्या विद्यार्थ्यांना कमी आठवल्या आणि त्यांतले बारकावेही कमी आठवले. पण याच अभ्यासाचा दुसरा भाग मला शिक्षिका म्हणून जास्त कामाचा वाटतो. वस्तूच्या एखाद्या ठरावीक भागावर कॅमेरा जवळ नेऊन फोटो काढायला सांगितलं तेव्हा स्मरण कमी झालं नाही. म्हणजे कॅमेरा नुसता रोखून दाबला तर मन सुटतं. कशाचा फोटो काढायचा हे ठरवावं लागलं तर मन तिथेच राहतं. हे प्रयोग मोठ्या वयाच्या मुलांवर झाले, हे मी विसरलेले नाही. तरी माझ्या वर्गातला नियम मी त्यावरूनच घेतला आहे. ‘फोटो कशाचा काढू?’ असं मी विचारते आणि ‘झाडाचा’ हे उत्तर चालत नाही. ‘पानाच्या मागच्या बाजूचा’, ‘देठाजवळच्या गाठीचा’, असं काहीतरी नेमकं सांगावं लागतं.

झाडांसाठी ‘प्लांटनेट’ नावाचं फ्रान्समधल्या संशोधन संस्थांनी मिळून केलेलं ॲप आहे. त्यात फोटो दिला की तो पानाचा, फुलाचा, फळाचा की सालीचा, हेही पाहिलं जातं. लहान मुलांना शिकवताना ही फार उपयोगी अडवणूक आहे. झाड म्हणजे नुसतं पान नव्हे, हे त्यांना तिथेच कळतं. आम्ही त्याच्याही आधी एक खेळ खेळतो. फांदीवर पानं समोरासमोर जोडीने आली आहेत की एक इकडे, एक तिकडे अशी आली आहेत, ते बघायचं आणि आपल्या हातांनी तसं उभं राहून दाखवायचं. ज्यांची पानं समोरासमोर ते दोन्ही हात एकदम पसरतात, बाकीचे आधी एक, मग वर दुसरा. पहिलीच्या मुलाला ‘पर्णविन्यास’ हा शब्द कशाला हवा? हातांनी कळलं की पुरे. आता कुठल्याही झाडाखाली गेलं की कुणीतरी हात पसरून उभं असतंच.

ॲप उत्तर कसं काढतं, हे मुलांना सांगावं का? मी सांगते, आणि त्यांना ते समजतं. ‘या ॲपने खरं फूल कधी हुंगलेलं नाही, किडा हातावर चालू दिलेला नाही. लोकांनी काढलेले लाखो फोटो त्याला दाखवलेत. तुम्ही दिलेला फोटो त्यांतल्या कुणासारखा दिसतो, एवढंच ते सांगतं.’ यातून लगेच पुढचा प्रश्न निघतो आणि तो मुलंच विचारतात: ‘एखाद्याचे फोटो दाखवलेच नसले तर?’ अगदी बरोबर. ज्या जातीचे पुरेसे फोटो शिकवताना वापरले गेले नाहीत, ती त्याला येत नाही. मग ते तिच्यासारख्या दिसणाऱ्या दुसऱ्या कुणाचं तरी नाव पुढे करतं, किंवा वरच्या पायरीवर थांबतं. एकदा आम्ही त्याच्यापुढे कापडाचं फूल धरलं आणि त्याने खऱ्या फुलाचं नाव दिलं. त्या दिवशी मुलांनी जे शिकलं ते कुठल्याही धड्यात मावणारं नव्हतं. यंत्र ठामपणे बोलतं म्हणून खरं बोलतं असं नाही, हे सहाव्या वर्षी कळलं तर पुढे फार उपयोगी पडेल.

शिवाय कितीतरी किडे असे आहेत की तज्ज्ञालाही नुसत्या फोटोवरून त्यांची जात सांगता येत नाही, सूक्ष्मदर्शकाखालीच ठेवावे लागतात. अशा वेळी ‘सीक’ कुलापाशी किंवा गणापाशी थांबतं. काही शिक्षक याला ॲपचा दोष मानतात. मला हे त्याचं सर्वात प्रामाणिक वागणं वाटतं. ‘इथपर्यंत मला खात्री आहे, पुढचं सांगता येत नाही’ हे वाक्य मुलांनी ऐकायला हवं, आणि आपण शिक्षकांनी वर्गात मोकळेपणाने म्हणायलाही हवं.

अशाच एका अडलेल्या उत्तरातून आमचा सर्वात चांगला पाठ झाला. एका कोवळ्या फांदीवर मावा, म्हणजे झाडाचा रस शोषणारे बारीक किडे, पडला होता आणि त्या माव्यात एक काळपट, लांबुळका, अंगावर नारिंगी खुणा असलेला, सहा पायांचा जीव फिरत होता. ॲप भुंगेऱ्यांच्या गणापर्यंत आलं आणि थांबलं. मुलांना ते पटेना, कारण भुंगेरा म्हणजे गोल आणि टणक, एवढं त्यांना पक्कं माहीत होतं. मी काही सांगितलं नाही. फांदीला लोकर बांधून खूण केली आणि रोज मधल्या सुट्टीत बघायचं ठरवलं. तो मावा खातो हे पहिल्यांदा दिसलं. मग एके दिवशी तो पानाला शेपटीकडून चिकटून निपचित बसला. मेला, असं सगळ्यांनी जाहीर केलं. एका मुलाने पानाला हळूच फुंकर घातली तर तो उठून बसल्यासारखा हलला. मग काही दिवसांनी सकाळी वर्ग भरायच्या आत दोघीजणी धावत आल्या. पानावर रिकामं कवच होतं आणि शेजारी फिकट पिवळा, मऊ दिसणारा, एकही ठिपका नसलेला ढालकिडा. दुपारपर्यंत त्याच्या पाठीवर रंग चढला आणि ठिपके उमटले. मुलं दर तासाला परवानगी मागून बघून येत होती. तेव्हा कुठे मी ॲप पुन्हा उघडलं, आणि या वेळी त्याने लेडीबर्ड, म्हणजे ढालकिडा हा भुंगेरा, असं नाव दिलं. आता त्या नावामागे मुलांनी पाहिलेलं अख्खं आयुष्य होतं.

म्हणूनच ॲपमधल्या बिल्ल्यांबद्दल मला थोडं कळकळीने लिहावंसं वाटतं. ‘सीक’मध्ये नव्या जाती नोंदवल्या की बिल्ले मिळतात. मोठी मुलं किंवा एकटा हौशी माणूस यांना त्यातून हुरूप येत असेल. पण वर्गात बिल्ला आला की मोजणी आली, आणि मोजणी आली की धावणं. कोणता गट जास्त जाती टिपतो अशी स्पर्धा घ्यावी, असा आग्रह अनेक ठिकाणी होतो. स्पर्धेत मूल एका झाडापाशी दोन सेकंद थांबतं. दगड उलटतात आणि तसेच टाकून देतात, फुलं तोडून कॅमेऱ्यापुढे धरली जातात. निसर्गाच्या पाठात दगड जसा होता तसा परत ठेवणं हाच पहिला धडा असायला हवा, कारण त्याखाली कुणाचं तरी घर असतं. वर्षभर एकच झाड घ्यावं. त्याची पालवी, त्याची फुलं, त्याच्या सालीतले कोळी, त्याच्यावर येऊन बसणारे पक्षी. एका झाडाशी ओळख झालेलं मूल पुढे शंभर झाडांकडे नीट बघेल.

मुलांच्या डोक्यात इतकं मावेल का, ही शंका काही पालक घेतात. ती अजिबात घेऊ नये. 2002 साली ‘सायन्स’ या नियतकालिकात ब्रिटनमधल्या प्राथमिक शाळेतल्या मुलांची एक पाहणी आली होती. मुलांना पोकेमॉनच्या पत्त्यांवरचे काल्पनिक प्राणी आणि त्यांच्याच देशातले खरे प्राणी व झाडं दाखवून नावं विचारली. आठ वर्षांच्या मुलांनी पोकेमॉनमधले जवळपास 80 टक्के ओळखले, तर खऱ्या जीवांपैकी साधारण निम्मेच. पाहणी करणाऱ्यांना चिंता वाटली ती खऱ्या जीवांबद्दल. मला त्यात मुलांची ताकद दिसते. दीडशे प्राण्यांची नावं, ते काय करतात, कोण कुणात बदलतं, हे सगळं आठ वर्षांचं मूल आपणहून लक्षात ठेवतं, कारण त्या प्रत्येकाला एक गोष्ट असते. ढालकिड्याच्या अळीची गोष्ट त्याहून कमी चित्तथरारक नाही. ती मुलांपर्यंत पोचवायचं काम आपलं.

पक्ष्यांसाठी कॉर्नेल विद्यापीठाच्या पक्षिविज्ञान प्रयोगशाळेचं ‘मर्लिन’ आहे. त्यातला मला सर्वात आवडणारा भाग फोटोचा नाही. ते पाच प्रश्न विचारतं: पक्षी कुठे दिसला, कधी दिसला, केवढा होता, मुख्य रंग कोणते, आणि काय करत होता. आकारासाठी चिमणी, कावळा अशी मापं देतं. हे पाच प्रश्न आम्ही फळ्याच्या कोपऱ्यात चित्रांनी काढून ठेवले आहेत आणि बहुतेक वेळा फोनशिवायच वापरतो. एकाने पक्षी पाहून यायचं, बाकीच्यांनी पाच प्रश्न विचारायचे. ‘काय करत होता?’ या प्रश्नाला सुरुवातीला ‘बसला होता’ एवढंच उत्तर मिळायचं. आता मुलं सांगतात की तो खोडाला धरून वर सरकत होता, किंवा शेपटी सारखी वरखाली करत होता. कुठल्याही पक्षिनिरीक्षकाला हेवा वाटावा असं हे उत्तर सात वर्षांच्या मुलाचं असतं.

2021 पासून याच ॲपमध्ये आवाजावरून पक्षी ओळखायची सोय आली. फोन नुसता धरला की आवाजाची रेघोटी पडद्यावर सरकत जाते आणि बोलणाऱ्या पक्ष्याचं नाव उमटतं. तोच पक्षी पुन्हा बोलला की ते नाव पुन्हा उजळतं. सगळ्या प्रदेशांतले सगळे पक्षी त्याला आवाजावरून येत नाहीत आणि गलक्यात ते गोंधळतं, म्हणून मी त्याचं उत्तर अंदाज म्हणूनच घेते. पण माझ्या वर्गातल्या एका मुलीची नजर अधू आहे. निसर्गाच्या तासाला ती पूर्वी मागे मागे राहायची. आवाजाचा तास सुरू केल्यापासून ती सगळ्यांच्या पुढे असते. आम्ही आधी डोळे मिटून बसतो. किती जण बोलताहेत, कोण वर आहे, कोण लांब आहे, कोण कुणाला उत्तर देतंय, हे बोटांनी दाखवायचं. इतरांना दोन आवाज ऐकू येतात तेव्हा तिला चार येतात. नंतर पडद्यावर नावं उमटतात तेव्हा बाकीची मुलं तिला विचारतात, ‘याचा आवाज कोणता होता गं?’ आणि ती तो काढून दाखवते. ज्यांना या ॲप्सवर सरसकट बंदी हवी आहे, त्यांनी ही गोष्ट विचारात घ्यावी अशी माझी विनंती आहे.

कधीकधी मी एखादा फोटो माझ्या स्वतःच्या खात्यावरून ‘आयनॅचरलिस्ट’ या निसर्गनोंदींच्या संकेतस्थळावर टाकते. ‘सीक’ही त्याच लोकांचं. 2008 साली कॅलिफोर्नियातल्या बर्कली इथल्या काही विद्यार्थ्यांच्या प्रकल्पातून ‘आयनॅचरलिस्ट’ उभं राहिलं. तिथे यंत्र सुचवतं आणि माणसं तपासतात. मत देणाऱ्यांपैकी दोन तृतीयांशांहून अधिक लोकांचं जातीवर एकमत झालं, आणि तारीख, जागा, फोटो नीट असले, तर नोंदीला अभ्यासासाठी योग्य असा दर्जा मिळतो. मुलांना यातली उत्सुकता फार आवडते. आपण पाहिलेल्या कोळ्याबद्दल कुणीतरी अनोळखी माणूस आपला वेळ काढून विचार करतोय, आणि दुसरा त्याच्याशी असहमत होऊन कारण देतोय, हे त्यांना खरं वाटत नाही. उत्तर यायला वेळ लागतो. कधी येतच नाही. त्या वाट पाहण्यातही शिक्षण आहे असं माझं ठाम मत आहे.

मात्र इथे जबाबदारी शिक्षकाची आहे. या वयाच्या मुलांच्या नावाने खातं उघडू नये. ‘आयनॅचरलिस्ट’लाही 13 वर्षांखालच्या मुलांनी पालकांच्या परवानगीशिवाय खातं उघडलेलं चालत नाही. फोटोबरोबर जागा आणि वेळ जाते, म्हणजे मुलं रोज कुठे असतात हेही जाऊ शकतं. त्यामुळे जागा धूसर करून टाकावी आणि फोटोत मुलाचा चेहरा, गणवेश, शाळेची पाटी येऊ देऊ नये. ‘सीक’ला खातं लागत नाही आणि ओळखायचं काम ते फोनमध्येच करतं, लहान वर्गांसाठी मी त्याची शिफारस करते ती मुख्यतः याच कारणासाठी. फुकट म्हणून घेतलेलं एक वेगळं ॲप मात्र मी लगेच काढून टाकलं. दर दुसऱ्या फोटोनंतर जाहिरात, आणि मग पैसे भरा म्हणून असा पडदा की बंद करायची खूण शोधूनही सापडू नये. असलं काही मुलांच्या समोर उघडता कामा नये. शाळेने ॲप घेण्याआधी कुणीतरी जबाबदार माणसाने ते घरी नीट वापरून बघावं.

आणि एक गोष्ट कडकपणे. ॲपने नाव सांगितलं म्हणजे हात लावायला किंवा चाखायला हरकत नाही, असा अर्थ कधीही होऊ देऊ नये. अळंबी, रानातली फळं, केसाळ अळ्या, यांच्या बाबतीत चुकीचं नाव जिवावर बेतू शकतं. आमच्याकडे नियम साधा आहे: डोळे जवळ न्या, हात मागे बांधा.

छोट्यांना पडदा नकोच, असं म्हणणाऱ्या वाचकांची काळजी मला समजते आणि निम्मी पटतेही. जागतिक आरोग्य संघटनेने 2019 मध्ये पाच वर्षांखालच्या मुलांसाठी सूचना दिल्या, त्यांत दोन ते चार वर्षांच्या मुलांनी दिवसात एक तासाहून जास्त वेळ पडद्यापुढे बसून राहू नये, त्याहून कमी असेल तर उत्तमच, असं म्हटलं आहे. बालवाडीत मी हे ॲप मुळीच नेणार नाही. तिथे माती, पाणी, पानं भरपूर आहेत. पहिली-दुसरीत मात्र अख्ख्या तासात पडदा दोन-तीन मिनिटं चालू असतो, तो एकच असतो आणि तो माझ्या हातात असतो. प्रत्येकाला टॅब दिला तर हे सगळं मोडतं. एका फोनभोवती मुलांना एकमेकांशी बोलावं लागतं, कुणाचा अंदाज आधी तपासायचा हे ठरवावं लागतं. प्रत्येकाच्या हातात पडदा आला की जो तो आपल्या उत्तरासह एकटा. टॅबसाठी जो निधी उभा करायचा तो आधी चांगल्या भिंगांवर खर्च करा, असं मी त्या पालकांना मनापासून सांगेन.

खरी अडचण वेगळीच आहे, आणि ती आम्हा शिक्षकांची आहे. पुष्कळ शिक्षिका मुलांना बाहेर नेत नाहीत, कारण ‘बाई, हे काय?’ या प्रश्नाची धास्ती वाटते. बाईंना यायलाच हवं, असं आपण सगळ्यांनी धरून चाललो आहोत. ॲप खिशात असेल तर ही धास्ती कमी होते, हा त्याचा मोठा उपकार मी मानते. उत्तर नंतर मिळवता येईल एवढा भरवसा असला की आत्ता उत्तर देण्याची घाई राहत नाही, आणि ‘चला, आधी बघू या’ असं निवांतपणे म्हणता येतं. प्रशिक्षणांमध्ये ॲप कसं उतरवून घ्यायचं यावर अख्खं सत्र होतं. प्रश्न कसे विचारायचे यावर एक तास तरी ठेवावा. ‘याला किती पाय आहेत?’ या प्रश्नाला उत्तर एकच असतं. ‘हा इथेच का बसला असेल?’ या प्रश्नाला वर्गात जितकी मुलं तितकी उत्तरं येतात, आणि त्यांतली बरीच तपासून बघता येतात.

शेवटी आपल्याला एक विनंती. आपल्या रविवारच्या मुलांच्या पानावर प्राणी-पक्ष्यांचे सुंदर फोटो येतात आणि खाली ठळक अक्षरांत नाव असतं. त्याऐवजी काही काळ फोटो नावाशिवाय छापून पाहावा. नावाच्या जागी दोन-तीन प्रश्न असावेत: याचे डोळे कुठे आहेत, पाय कुठून निघालेत, तो काय खात असेल असं तुम्हाला वाटतं आणि कशावरून? नाव पुढच्या रविवारी द्यावं, आणि त्याबरोबर मुलांनी पाठवलेली काही उत्तरंही. सुरुवातीच्या फोटोंसाठी प्रश्न काढून द्यायला मी आणि माझ्या सहकारी शिक्षिका आनंदाने तयार आहोत. मुलांना वाचता येतील एवढे छोटे आणि मोठ्या टायपात असतील, एवढं मात्र आपण पाहावं.

कळावे,

आपली नम्र,
एक प्राथमिक शिक्षिका